कापलेली चार मिनिटं

पॅरिस, १४ नोव्हेंबर १९८३

प्रिय रेजिस,

शनिवारी तू टोपी उचललीस तेव्हा सभागृहातले दिवे अजून लागायचे होते. मी पहिल्या रांगेत नगराध्यक्षांच्या शेजारी अडकले होते, नाहीतर तुझ्या मागे धावत आले असते. निदान आज तरी मला तसं वाटतंय. वळून पाहिलं तेव्हा पडद्यावर नावं सरकत होती आणि तू दारात उभा राहून ती वाचत होतास. शेवटचं नाव गेलं आणि तूही गेलास. बाहेर नोएला भेटली. "तो त्याच्या चार मिनिटांची वाट बघत होता," एवढंच बोलून तुझी बायको तुझ्या मागे चालायला लागली. मला साधं 'येते' सुद्धा म्हणाली नाही.

ती चार मिनिटं माझ्या चित्रपटात नाहीत. हे तुला आधी सांगायला हवं होतं. आठवडाभर फोनजवळ जात होते आणि परत येत होते. निर्मात्याने ती काढायला लावली. दीड तासाच्या वर चित्रपट गेला की सिनेमागृहवाले हातच लावत नाहीत, असं त्याचं म्हणणं. माझ्या हातात काही नव्हतं.

आपलं काय ठरलं होतं ते मी विसरलेले नाही. तुझं स्वयंपाकघर, ताटातला साखरेचा टार्ट, आणि मी रडकुंडीला आलेली. अख्खी गिरणी कॅमेऱ्यासमोर उभी राहिली होती. संपात ज्याने जे केलं तेच त्याने पुन्हा केलं, स्वतःच्या नावाने, स्वतःच्या कोटात. अशिल वार्तेलने झेंडा धरला, कारण तीन वर्षांपूर्वी त्यानेच तो धरला होता. पण संप चालू असताना पहाटे गुपचूप फाटकातून कामावर जाणारा माणूस मला मिळेना. आपल्या साँ-व्हास्तमध्ये संपफोडा 'पिवळा' व्हायला, तेही खोटं खोटं व्हायला, एक माणूस तयार नव्हता. खरोखर कोण आत गेलं होतं ते गावाला आजही माहीत नाही, पण कुणीतरी गेलं होतं एवढं सगळ्यांना माहीत आहे. म्हणून ते दृश्य मला हवंच होतं. अशिल म्हणाला, "तो कोट एकदा अंगात घातला की निघत नाही, ओदिल." मला तेव्हा हसू आलं होतं.

आणि मग तू म्हणालास, "मी जातो आत. पण शेवटी मला माझ्या नावाने सांगू दे, की मी गेलो नव्हतो." मी हो म्हटलं. तू सांगितलंस, मी चित्रित केलं, चार मिनिटं. इथपर्यंत मी शब्द पाळला की नाही?

आणि चिडणार नसशील तर एक सांगते. त्या चार मिनिटांत तू आकडासुद्धा चुकला होतास. 'बाहत्तर दिवस मी बाहेर उभा होतो' म्हणालास. संप एकाहत्तर दिवसांचा होता, युनियनच्या पत्रकात तसं आहे, चित्रपटाचं नावच 'एकाहत्तर दिवस' आहे. मी त्या वेळी पॅरिसात दुसऱ्यांच्या चित्रपटांचे डबे वाहत होते, तरी मला पाठ आहे. आणि दिग्दर्शिकेचा सख्खा भाऊ बाहत्तर म्हणतो! लोकांनी टर उडवली असती.

फोन कर. किंवा मी करते, तू फक्त उचल.

ओदिल


समुद्राकाठचं हॉटेल, २१ मे १९८४

प्रिय रेजिस,

चित्रपटाला बक्षीस मिळालं. पहिलं नाही, पण परीक्षकांचं खास. तुला वर्तमानपत्रातून कळलंच असेल, कारण पानावर फोटो माझा नाही, तुझा आहे. फाटकाच्या फटीतून आत शिरताना वाकलेली तुझी पाठ. शेवटचं दृश्य. फाटक बंद होतं, पडदा काळा होतो, आणि सभागृहात कुणी खोकतही नाही. मी काल सर्वांत मागे उभी राहून ते पाहिलं. इतकी शांतता मी आजवर कधी ऐकली नव्हती.

नंतर पॅरिसच्या एका मोठ्या दैनिकाचा माणूस आला. त्याने विचारलं, "तो आत जाणारा माणूस तुम्हाला कुठे सापडला? अशी शरम कुणाला शिकवून येत नाही." मी म्हटलं, आमच्याच गावात. तो मान डोलवत लिहून घेत राहिला. मी पुढे बोलायला हवं होतं. 'तो माझा भाऊ आहे आणि तो कधीच आत गेला नव्हता,' दोन सेकंदांचं काम. मग त्याने शेवटच्या पाटीबद्दल विचारलं. 'या चित्रपटातल्या प्रत्येकाने स्वतःचीच भूमिका केली आहे.' केवढं धाडस, म्हणाला. ती पाटी मी अगदी शेवटी, घाईत, अभिमानाने घातली होती. तुझा विचार तेव्हा मनात आला नाही, आणि आला असता तर तुझ्यापुरती एक ओळ जोडली असती, असं मी स्वतःला सांगते.

नोएलाच्या पत्रातून कबुतरांच्या क्लबचं कळलं. शर्यतीच्या आदल्या संध्याकाळी सगळे आपापली शर्यतीची घड्याळं जुळवायला टेबलाभोवती बसले होते, आणि अशिल म्हणाला, "रेजिसच्या कबुतरांचं सोपं आहे, पहाटे फाटक उघडं दिसलं की आत." सगळे हसले. तू घड्याळ उचललंस आणि घरी आलास. अरे, अशिल कुणाची मस्करी करत नाही? त्याने तर आईच्या अंत्ययात्रेतही पाद्र्याच्या बुटांवरून विनोद केला होता. पुढच्या शनिवारी जा, एक बिअर पी, मिटवून टाक.

आणि हो, त्या चार मिनिटांचा आवाजही धड नव्हता. तुमचा फ्रिज घरघरत होता. नुसता निर्मात्याचा दोष नाही.

ओदिल


सां-नाझेर, ९ मार्च १९८७

रेजिस,

या वेळी 'प्रिय' लिहीत नाही, कारण मी चिडले आहे, आणि कुणावर ते मलाच नीट कळत नाही. म्हणून तुलाच लिहिते. तू तसंही उत्तर देत नाहीस.

दूरदर्शनवर आपला चित्रपट जानेवारीत लागला आणि फेब्रुवारीत पेरीनच्या वर्गात शिक्षिकेने तो दाखवला. गावाचा इतिहास म्हणून. नोएलाचं पत्र चार ओळींचं आहे. पेरीन घरी आली आणि तिने तुला विचारलं, "पपा, तुम्ही का गेलात आत?" तू म्हणालास, मी गेलो नव्हतो. ती म्हणाली, "पण बाईंनी सांगितलं, यात सगळं खरं आहे." अकरा वर्षांची पोर. आणि तू उठून कबुतरांच्या ढाबळीत निघून गेलास.

असा कसा रे तू? तिला धरून बसवायचं, सांगायचं, माझी बहीण चित्रपट करते आणि चित्रपटात माणसं नाटक करतात. पण मग तिने विचारलं असतं, की बाकीचे नाटक करत होते का. आणि बाकीचे करत नव्हते. माझं सगळं नाव त्यावरच उभं आहे, की ते करत नव्हते. हे लिहिता लिहिता मी तीनदा उठून खिडकीशी गेले.

आता क्लबात नवीन पोरं आली आहेत, त्यांना तर संपही आठवत नाही. नोएला लिहिते, तू घड्याळ वर फळीवर ठेवलं आहेस, वर फडकं टाकून. चारचौघांनी मिळून घड्याळाची वेळ लावली, मोहोर मारली तरच शर्यतीत नाव, नाहीतर ढाबळीतून कबुतरं उडवायची आणि ती परत आलेली बघायची, एवढंच. तू तेवढंच करतोस म्हणे. अशिल म्हणतो, तो येत नाही. तू म्हणतोस, ते बोलावत नाहीत. दोन रेडे.

इथे जहाजाच्या कारखान्यात दुसरा चित्रपट चालला आहे. माणसं चांगली आहेत, पण कॅमेरा दिसला की छाती पुढे काढतात. साऱ्यांनी पहिला पाहिलेला आहे. आवाजाच्या फिती कमी पडतात, म्हणून जुन्या पुसून त्यांवर हातोड्यांचे आवाज भरतो आहोत. दिवसभर तो ठणठणाट. संध्याकाळी बंदरावर चालत राहते, पाय दुखेपर्यंत. बसलं की तुझी पाठ दिसते. तो फोटो इथल्या जेवणघरातही लावलेला आहे.

पेरीनला सांग, की आत्या... नको. काही सांगू नकोस.

ओदिल


लोरेन, ३ ऑक्टोबर १९९६

प्रिय रेजिस,

नऊ वर्षं झाली. मध्ये दोन पत्रं लिहून फाडली. जहाजांचा चित्रपट कुणी पाहिला नाही. सुपरमार्केटातल्या कॅशवाल्या बायकांवर केला, तो निदान त्या बायकांनी पाहिला. कुठेही गेलं तरी प्रश्न 'एकाहत्तर दिवस'वरच. एकोणपन्नास वर्षांची झाले आणि माझ्या नावावर बंद होणारं एक फाटक आहे.

इथे पोलादाची भट्टी बंद झाली, त्यावर काम चाललंय. जानिन नावाची एक बाई आहे, क्रेन चालवायची, आता नातवंडं सांभाळते. तिच्याशिवाय चित्रपट होणार नाही. महिनाभर तिच्या दाराला खेटे घातले. काल तिने आत घेतलं, कॉफी दिली, माझं सगळं ऐकून घेतलं, आणि म्हणाली, "बाई, तुमचा तो पहिला चित्रपट मी पाहिलाय. त्या आत गेलेल्या माणसाचं पुढे काय झालं?"

मी म्हटलं, तो माझा भाऊ आहे.

"ते नाही विचारलं. त्याचं पुढे काय झालं?"

मी सांगितलं. अशिलचं ते कोटाचं वाक्य, क्लब, घड्याळ, पेरीन. आणि तू आत गेला नव्हतास, हेही. ती कप धुवायला उठली आणि पाठमोरीच म्हणाली, "म्हणजे तुम्ही त्याला घातलात तो कोट. मग मला कुठला घालणार आहात?"

मी तिथून निघाले आणि बंद भट्टीच्या भिंतीकडेने चालत सुटले, तीन तास. आज आता लिहिते. नीट वाच, कारण पुन्हा लिहायचं धैर्य होईल की नाही सांगता येत नाही.

निर्मात्याने काही कापलं नाही. त्याने ती चार मिनिटं पाहिलीसुद्धा नाहीत. फ्रिजही घरघरत नव्हता, तू स्वतः त्याची वायर काढली होतीस. मी कापलं. संकलनाच्या खोलीत मी आणि सोलांज होतो, तिला तू ओळखतोस, लाल चष्मेवाली, तुझ्या घरी दोनदा जेवली आहे. दुपार होती. फाटक बंद झालं, पडदा काळा झाला, आणि मग तुझं स्वयंपाकघर आलं. तू टेबलावर हात ठेवून बोलायला लागलास. चाळीस वेळा पाहिलं आम्ही. चाळीस वेळा फाटकाने बांधलेली गाठ तुझ्या स्वयंपाकघराने सोडवली. चित्रपट सैल पडायचा. तू इतका साधा, इतका खरा बोलत होतास, की आधीचं सगळं बेतलेलं वाटायला लागायचं. मी म्हटलं, काढ. सोलांज म्हणाली, "तू त्याला शब्द दिलायस." मी म्हटलं, मी प्रेक्षकालाही शब्द दिलाय. असलं वाक्य माझ्या तोंडून गेलं, आणि मला ते आवडलंही. सोलांजने कात्री टेबलावर ठेवली आणि म्हणाली, "मग तू काप." मी कापलं.

चित्रपट त्यानेच चांगला झाला, रेजिस. हीच तर अडचण आहे. तो वाईट झाला असता तर मी तुझ्या पाया पडले असते. तो चांगला झाला, आणि मी तुला कारणं देत बसले.

माफी मागत नाही. मागितली तर तुला काहीतरी उत्तर द्यावं लागेल, आणि तेवढाही त्रास तुला देण्याचा माझा हक्क उरलेला नाही. जानिनचा चित्रपट मी सोडून दिला.

ओदिल


पॅरिस, १८ फेब्रुवारी २००८

प्रिय रेजिस,

बारा वर्षांनी लिहायला कारण सापडलं. चित्रपटांचं जतन करणारी एक संस्था 'एकाहत्तर दिवस' धुऊन पुसून पुन्हा लोकांसमोर आणणार आहे. त्यांनी मला विचारलं, दिग्दर्शिका म्हणून तुमची पक्की प्रत कोणती? विचारणारा तरुण फार सभ्य होता. मी त्याला म्हटलं, पक्की प्रत चार मिनिटांनी मोठी आहे. त्याचा चेहरा पडला. तो म्हणाला, तुमचा अधिकार आहे, पण तो शेवट तर अभ्यासक्रमात शिकवतात. मी म्हटलं, म्हणूनच.

मला वाटलं होतं, ती चार मिनिटं कचऱ्यात गेली असतील. सोलांजकडे गेले. आता ती सत्तरीची आहे, गुडघे गेले आहेत, तरी स्टुलावर चढली आणि कपाटावरून बिस्किटांचा डबा काढला. त्यात गुंडाळी होती, वर चिकटपट्टी, त्यावर तुझं नाव. "मला माहीत होतं, एक दिवस तू येशील," म्हणाली. "इतका उशीर करशील ते माहीत नव्हतं." आम्ही दोघींनी उजेडासमोर धरून पाहिलं. तू, टेबल, टार्टची ताटली. खिडकीत मागे ढाबळ दिसते.

आवाज नाही. आवाजाची फीत वेगळी असायची, ती सोलांजकडे नव्हती, माझ्याकडे होती. आणि मला लगेच आठवलं ती कुठे गेली. सां-नाझेरला जुन्या फिती मी पुसायला लावल्या होत्या. तुझ्या आवाजावर हातोडे आहेत, रेजिस. मी खोलीत येरझाऱ्या घालायला लागले, सोलांजने ओरडून बसवलं.

बारा एप्रिलला, शनिवारी, मी तो साँ-व्हास्तच्या सभागृहात दाखवणार आहे. पॅरिसच्या आधी तिथे. शेवटची ती पाटी काढली आहे. तुझी चार मिनिटं मुकी का होईना, पडद्यावर येतील. तू आलास तर शेजारी उभा राहून एवढं बोलशील का? फार नाही, तेव्हा बोललास तेच. नाही आलास तर मी समजेन. खोटं कशाला, समजणार नाही, पण समजल्यासारखं करेन.

तुझी पहिल्या रांगेतली खुर्ची मी राखून ठेवते.

ओदिल


साँ-व्हास्त, १३ एप्रिल २००८, स्टेशनजवळचं हॉटेल

प्रिय रेजिस,

खुर्ची रिकामी राहिली. शेजारी नोएला येऊन बसली, चांगला कोट घालून, आणि पेरीनही आली. मी पेरीनला ओळखलं नाही. तिने हात पुढे केला, मी मिठी मारायला गेले, आणि आमचं काहीच धड झालं नाही. तू काय करतोयस विचारलं तर नोएला म्हणाली, "ढाबळीत आहे." माझं घर इथून दोन तासांवर आणि तुझी ढाबळ दहा मिनिटांवर, तरी मी तिकडे आले नाही. पाय वळले होते, बेकरीपर्यंत गेले आणि फिरले. हेही लिहून टाकते.

साठेक माणसं होती. अशिल काठी टेकत आला, ऐंशीच्या घरात आहे, ऐकू कमी येतं, पण झेंड्याचं दृश्य आलं तेव्हा सगळ्यांत मोठ्याने तोच बोलला, की माझे केस बघा केवढे होते. लोक हसले. अर्ध्याहून जास्त माणसं पडद्यावरची आता नाहीत. प्रत्येक मेलेला माणूस दिसला की सभागृहात कुणीतरी हळूच त्याचं नाव घ्यायचं. मग तुझी पाठ आली, फाटक आलं, अंधार झाला. तीच शांतता. काही जण कोट घालायला लागले.

आणि तुझं स्वयंपाकघर आलं.

मी पडद्याच्या बाजूला जाऊन उभी राहिले. पाठच होतं मला, चाळीस वेळा पाहिलेलं. तुझे ओठ हलत होते आणि मी बोलत होते. 'मी रेजिस दुकेनोय. पिंजण खात्यात वीस वर्षं आहे. तुम्ही आत्ता मला आत जाताना पाहिलंत. मी आत गेलो नव्हतो. एकाहत्तर दिवस मी बाहेर उभा होतो. हे करायला दुसरं कुणी मिळेना, आणि बहीण माझी आहे, म्हणून मी केलं.' तुझा आकडा तेवढा दुरुस्त केला, उगाच कुणी हसायला नको. मग पडद्यावर तू कॅमेऱ्याकडे न बघता माझ्याकडे बघतोस, 'झालं?' असं विचारतोस. ते मी बोलले नाही.

नंतर मी म्हटलं, मी ओदिल दुकेनोय, हे मी पंचवीस वर्षांपूर्वी कापलं. निर्मात्याने नाही, मी. चित्रपट चांगला व्हावा म्हणून.

मागून एक तरुण उठला, क्लबचा असावा, त्याच्या जॅकेटवर कबुतर होतं. "म्हणजे ते गेलेच नव्हते?" त्याने सगळ्यांनाच विचारलं. अशिल म्हणाला, "हे आम्हाला पहिल्यापासून माहीत होतं." आणि तेव्हा नोएला उभी राहिली. आवाज चढवला नाही. "माहीत होतं, तर घड्याळ का नाही लावलंत?"

अशिल म्हणाला, तो आला नाही.

"तुम्ही एकदा दार वाजवलंत?"

अशिल खाली बसला. त्याची काठी पडली, ती त्या तरुणाने उचलून दिली. कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत, माणसं कोट घालून निघाली, जाताना चार-पाच जणांनी नोएलाचा हात हातात घेतला. माझा कुणी घेतला नाही. बरोबरच आहे.

पॅरिसला दोन आठवड्यांनी दाखवतील. समीक्षकांना तो शेवट आवडणार नाही, मला आत्ताच माहीत आहे. सैल पडतो. फाटकानंतरचं ते टेबल आणि तो मुका माणूस, खरंच सैल पडतो. राहू दे तसाच.

आता गाडी आहे. तू उत्तर देणार नाहीस आणि मी वाट बघणार, हे आपलं जुनंच आहे.

ओदिल


साँ-व्हास्त, २८ एप्रिल २००८

ओदिल,

नोएलाने सगळं सांगितलं. मी आलो नाही कारण ढाबळीत पिल्लं निघत होती. दुसरंही कारण होतं, ते तुला माहीत आहे.

तुझी सगळी पत्रं मिळाली होती, फाडलेली सोडून. उत्तर सुचत नव्हतं असं नाही. रोज एक सुचायचं, दुसऱ्या दिवशी ते नको वाटायचं. लोरेनहून आलेलं पत्र मी ढाबळीत ठेवलंय, घरात नको म्हणून.

गेल्या शनिवारी अशिल आला. एकटाच, काठी टेकत. आता पोरं विजेची यंत्रं लावतात, पण हा म्हणाला, तुझं जुनं घड्याळ काढ. मी त्याला बराच वेळ दारात उभं ठेवलं. मग पाऊस आला म्हणून आत घेतलं. माफी वगैरे मागितली नाही, टार्टचे दोन तुकडे खाल्ले आणि साखर कमी आहे म्हणाला. आम्ही क्लबात जाऊन घड्याळ लावलं. रविवारच्या शर्यतीत माझी निळी मादी नववी आली. पंचवीस वर्षांनी नववी म्हणजे वाईट नाही.

आता एक गोष्ट. तू सभागृहात एकाहत्तर म्हणालीस, असं नोएला म्हणते.

संप मिटला आणि तेरा फेब्रुवारीला, मंगळवारी, सगळे बँड लावून आत गेले. अशिल झेंडा घेऊन पुढे. आमच्या खात्यातल्या तीन बायकांना मालकाने परत घेतलं नव्हतं, ते त्या सकाळी फाटकावर कळलं. तिघी कुंपणाशी उभ्या होत्या. बँड वाजत होता, कुणी मागे पाहिलं नाही. मला आत जाववेना. मी त्या दिवशी त्यांच्याजवळ उभा राहिलो. दुसऱ्या दिवशी गेलो आत, पेरीन लहान होती. त्यात काही मोठेपणा नाही, म्हणून कुणाला सांगितलं नाही. पण माझे दिवस बाहत्तर झाले. तेव्हा स्वयंपाकघरात मी तेच सांगत होतो. तू विचारलं असतंस तर पुढचंही सांगितलं असतं. तू कॅमेऱ्यात किती फीत उरली ते बघत होतीस.

आवाज पुसला म्हणतेस. मग यंत्र घेऊन ये, मी पुन्हा बोलतो. आवाज आता घोगरा झालाय, माझ्या तेव्हाच्या ओठांशी जुळायचा नाही. पण आकडा बरोबर असेल.

रेजिस